भौगोलिक कारणे लिहा

खांबेटे बाईंना कुठलीही गोष्ट एकाच कारणाने झालेली चालत नसे. आमच्या डोंबिवलीच्या शाळेत त्या भूगोल शिकवायच्या आणि मी चित्रकला. त्यांचा वर्ग आणि माझी खोली यांच्यामध्ये भिंत म्हणून जे होतं ते प्लायवूडचं पार्टिशन, त्यामुळे बाईंचे तास मी बावीस वर्षं फुकट ऐकले. एखादा पोरगा उशिरा आला की पलीकडून आवाज यायचा, "उशीर का झाला?"

"रिक्षा नाही मिळाली बाई."

"बरं, हे एक झालं. दुसरं?"

"पाणी उशिरा आलेलं."

"तिसरं?"

तिसऱ्या कारणापर्यंत येता येता बहुतेक पोरं खरं बोलून टाकायची. "उठावंसंच वाटलं नाही बाई." मग बाई म्हणायच्या, "बस खाली," आणि त्या आवाजात राग अजिबात नसायचा.

"भौगोलिक कारणे लिहा" हा प्रश्न भूगोलाच्या पेपरात असतोच. इतर शाळांतली मुलं गाइडमधली दोन वाक्यं घोकून जातात आणि पासही होतात. बाईंच्या मुलांना तीन कारणं लिहावी लागत, शिवाय त्यांतलं कुठलं जास्त जोरदार वाटतं तेही सांगावं लागे. असले पेपर तपासायला बाईंना आठ दिवस जास्त लागायचे. मुख्याध्यापक वैतागायचे, आणि बाई त्यांनाही उशिराची तीन कारणं शांतपणे सांगायच्या.

दिसायला बाई लहानखुऱ्या, चष्मा कायम नाकाच्या शेंड्यावर, आणि पर्समध्ये रुमाल, लवंगांची डबी आणि एक लोहचुंबक. हे चुंबक दोऱ्याला बांधलेलं असे. चालता चालता बाई मध्येच थांबायच्या, एखाद्या काळ्या दगडाजवळ तो दोरा धरायच्या आणि चुंबक दगडाकडे किंचित कललं की समाधानाने पुढे निघायच्या. रस्त्यातली माणसं त्यांना पत्रिका वगैरे बघणाऱ्यांपैकी समजत असावीत. भाजी आणायला निघालेल्या बाई फुटपाथच्या दगडावर तळहात टेकून उभ्या आहेत, हे दृश्य तर मी कितीदा पाहिलंय. एकदा मलाही म्हणाल्या, "सावंत, हात लावून बघा."

"गरम आहे बाई. ऊन केवढं पडलंय."

"ऊन आजचं आहे हो. हा दगड कधीतरी आंबिलीसारखा वाहत होता."

शाळेच्या गच्चीवरून मलंगगड दिसायचा. आता मध्ये टॉवर आले, तरी दोन टॉवरच्या फटीतून अजून दिसतो. डबा खाऊन झाला की बाई तिथे उभ्या राहायच्या. त्या डोंगरांच्या अंगावर ज्या पायऱ्या दिसतात, तो एकेक थर म्हणजे जमिनीच्या भेगांतून आलेला लाव्ह्याचा एकेक लोट, हे मला त्यांनीच सांगितलं. साडेसहा कोटी वर्षांपूर्वीची गोष्ट त्या गेल्या मंगळवारी घडल्यासारखी सांगत.

"तेव्हा डोंबिवली इथे नव्हतीच," त्या म्हणाल्या.

"मग कुठे होती?"

"विषुववृत्ताच्या खाली, हिंदी महासागरात. हा सगळा भारतच तिथे होता. आपण तरंगत तरंगत वर आलोय. केस वाढतात ना, साधारण त्या वेगाने."

त्या दिवशी घरी गेल्यावर मी चहा घेऊन बाल्कनीत बसलो, तर समोरच्या सोसायटीच्या बिल्डिंगा, त्यांच्यावरच्या टाक्या, वाळत घातलेल्या चादरी, सगळं हळूच उत्तरेकडे सरकतंय असं मला वाटत राहिलं. बायको म्हणाली, "बरं नाही का?" मी म्हटलं, बरा आहे, जरा तरंगतोय. तिने माझा चहा हातात घेऊन वास घेतला.

बाईंचा सगळ्यात आवडता प्रश्न एकच. डायनासोर नाहीसे झाले, आणि त्यांच्याबरोबर तेव्हाचे निम्म्याहून जास्त जीव नाहीसे झाले, ते कशाने? पाठ्यपुस्तकात या प्रश्नाला फार जागा नव्हती. बाई ती कुठूनही काढत. मोसमी वारे शिकवता शिकवता त्या तिथे पोचत, लोहमार्ग शिकवताना पोचत. सकाळी कधी कधी मानपाड्याच्या कारखान्यांकडून डोळे चुरचुरवणारा वास यायचा. पोरं नाकं धरायची. बाई म्हणायच्या, "नाक सोडा. घ्या वास. लाव्ह्याबरोबर गंधकाचा वायू आला, तो साधारण असा असणार. फक्त हा दहा वाजता जातो, तो गेलाच नाही." त्या पिढीतल्या मुलांना बाकीचा भूगोल आठवत नसेल, पण हा वास आला की ज्वालामुखी आठवतो, असं पुढे कितीतरी जणांनी मला सांगितलं.

दरवर्षी त्या सातवीची सहल मलंगगडाच्या वाटेवरच्या एका बंद दगडखाणीत नेत. बाकी शाळा वॉटरपार्कला जातात. आमची पोरं आधी हिरमुसायची. खाणीची भिंत खाली काळी, वरही काळी आणि मध्ये वीतभर लाल पट्टा. बाई म्हणाल्या, "खालचा काळा थर म्हणजे एक तास. वरचा दुसरा तास. हा लाल पट्टा म्हणजे मधली सुट्टी."

खालचा लाव्हा थंड झाला, मग किती तरी काळ काहीच झालं नाही, दगडाची माती झाली, आणि वरून पुढचा लाव्हा आला तेव्हा ती माती विटेसारखी भाजून लाल पडली. एका पोराने विचारलं, "बाई, मधली सुट्टी किती वेळ होती?"

"हजारो वर्षं. नक्की मला सांगता येणार नाही."

"मग त्यात काय चाललेलं?"

बाईंनी त्या मातीवर बोट ठेवलं. "पाऊस पडत होता. नेचे उगवले होते. किडे आले, त्यांच्या मागून आणखी कोणी आलं असेल, अंडी घातली असतील. सगळं ठीक चाललं होतं. पुन्हा घंटा होणार आहे हे त्यांना कोणी सांगितलं नव्हतं."

एकाने त्या लाल पट्ट्याला कान लावला आणि मग सगळ्यांनीच रांगेने लावला. आमचे शिपाई भोईर मामा तिथलेच, मानपाड्याचे. ते मला हळूच म्हणाले, "आमचे बापान ही खान फोरली सर. ही लाल माती आमी कचरा म्हनून फेकून देवाचो." एवढं बोलून त्यांनीही टोपी काढली आणि कान लावला.

मी मात्र उल्केच्या पक्षाचा होतो. कारण सरळ होतं, उल्का काढायला सोपी. वर एक आगीचा गोळा, खाली माना वर केलेले प्राणी, नारिंगी रंग भरपूर, झालं चित्र. विज्ञान प्रदर्शनासाठी मी असं एक मोठं चित्र काढलेलं. बाई त्याच्यासमोर बराच वेळ उभ्या राहिल्या.

"छान आहे," त्या म्हणाल्या. "पण हे शेवटच्या दिवसाचं चित्र झालं. त्याच्या आधीच्या काही लाख वर्षांचं काढा ना एक."

"ते कसं काढू? त्यात होतं काय?"

"आभाळाचा रंग किंचित उतरवा. बघणाऱ्याच्या लक्षात येणार नाही इतकाच. समुद्र किनाऱ्यापासून थोडा मागे घ्या. आणि प्राणी एकदोनच कमी काढा."

मी ते चित्र आठवडाभर काढत होतो. निळ्यात राखाडी घालायचा, पुसायचा, पुन्हा घालायचा. मला जमलं नाही. पण तेव्हापासून मी रोज सकाळी आभाळ बघतो आणि कालच्यापेक्षा रंग उतरलाय का, असं मनात येतं.

आमचा वाद मग मस्टरवर सही करता करताही चाले. मी म्हणायचो, मेक्सिकोच्या किनाऱ्याशी एवढा मोठा खड्डा सापडलाय, जगभर त्या काळच्या मातीत आभाळातून आलेल्या धातूचा पातळ थर सापडलाय, आता अजून काय पाहिजे?

"मान्य आहे," बाई म्हणायच्या. "आज बहुतेक तज्ज्ञ तुमच्याच बाजूचे आहेत. पण उल्का पडली तेव्हा ते जीव धडधाकट होते का? की आधीच खोकत होते? आणि त्या हादऱ्याने आपला लाव्हा आणखी उसळला असेल, असंही काही जण म्हणतात. मग कोणाच्या नावावर मांडणार?"

"तुम्हाला आपला दगड आवडतो म्हणून तुम्ही त्याला सोडत नाही."

"उलट आहे सावंत. तुम्हाला उल्का आवडते, कारण ती बाहेरून येते. पायाखालून जे आलं त्याच्याबद्दल बोलायला जड जातं."

हे त्या सहज बोलल्या, पेनाचं टोपण लावता लावता. मीही सहज ऐकलं.

आता बाईंच्या शेवटच्या वर्षाबद्दल सांगतो. त्या जूनअखेरीला निवृत्त व्हायच्या होत्या आणि त्याच जूनमध्ये आमची पाचवी उघडते की नाही याची पंचाईत होती. मराठी माध्यमाच्या शाळेची पाचवी उघडली नाही की पुढच्या वर्षी सहावी नसते, त्याच्या पुढच्या वर्षी सातवी नसते. संस्थेने सांगून टाकलेलं, मेअखेरपर्यंत वीस मुलं आणा, नाहीतर वर्ग बंद. बाईंना एवढीच एक गोष्ट हवी होती, आपण बाहेर पडू तेव्हा पाचवीच्या खोलीत मुलं बसलेली असावीत.

ज्यांचं या शाळांशी नातं नाही त्यांना माहीत नसेल, पण मे महिन्यात आम्ही शिक्षक सुट्टीवर नसतो. पट टिकवायला घरोघर फिरतो. हातात शाळेची पत्रकं, वही आणि पाण्याची बाटली. विमा विकणारे आणि आम्ही एकाच जिन्यात भेटतो आणि एकमेकांना ओळखही देतो. माझी आणि बाईंची जोडी दिवा स्टेशनच्या वस्तीत लागली. बाकीचे शिक्षक वह्या फुकट, गणवेश फुकट असं सांगत. बाई घरात गेल्या की आधी पोराला खिडकीपाशी नेऊन विचारत, "हा समोर डोंगर कुठला?" पारसिकचा डोंगर त्या पोराच्या खिडकीत जन्मापासून उभा असायचा आणि त्याला कोणी त्याचं नाव सांगितलेलं नसायचं.

एका बिल्डिंगच्या चौथ्या मजल्यावर सुरेखा नावाच्या बाईकडे गेलो. मूळच्या साताऱ्याकडच्या, नवरा-बायको दोघंही पॅकिंगच्या कामाला, मुलगी समीक्षा चौथी झालेली, इंग्रजी शाळेत. तीन दिवसांनी नेमकं तेव्हाच पाणी आलेलं. सुरेखाताई हंडे, बादल्या, ड्रम भरत होत्या, आणि खांबेटे बाईंनी कोणी न सांगता नळाचा पाइप हातात धरला.

"मॅडम, एक विचारू? राग नका मानू," सुरेखाताई म्हणाल्या. "तुमचा स्वतःचा मुलगा कुठल्या मीडियमला होता?"

हा प्रश्न प्रत्येक मे महिन्यात एकदोनदा येतोच. त्याचं उत्तर माझ्याकडे तयार असतं, तेव्हाची परिस्थिती वेगळी होती वगैरे. मी भिंतीवरचं कॅलेंडर बघायला लागलो.

"इंग्रजी," बाई म्हणाल्या.

"का?"

"भीती वाटली. पुढे मागे पडेल म्हणून." बाईंनी पाइप दुसऱ्या हातात घेतला. "आमच्या मजल्यावरच्या सगळ्यांची मुलं तिकडे जात होती, हेही होतं." मग त्या पाइप धरून तशाच उभ्या राहिल्या आणि ड्रम भरून पाणी लादीवर यायला लागलं. सुरेखाताईंनीही पाइप काढला नाही. "आणि मी शिकवते त्या शाळेवर माझाच विश्वास कमी पडला."

मला वाटलं, गेलं हे नाव. सुरेखाताईंनी ड्रमवर झाकण ठेवलं, पदराला हात पुसले आणि म्हणाल्या, "लिहा. समीक्षा नाव आहे. आत्ताच्या शाळेत सगळं फर्स्ट क्लास आहे म्हणून सांगतात मला दर मीटिंगला. पोरीला ना इंग्लिश वाचता येत धड, ना मराठी. तुम्ही निदान खरं बोललात."

परत येताना बाई हातातली पत्रकं सारखी करत चालल्या होत्या. मग म्हणाल्या, "तुमची मुलगी कुठे होती हो सावंत?"

"इंग्रजीच," मी म्हटलं.

त्यांनी नुसती मान हलवली. बावीस वर्षांत हा प्रश्न त्यांनी मला कधी विचारला नव्हता आणि मीही त्यांना कधी विचारला नव्हता. स्टाफरूममध्ये आम्ही चौदा जण, चौदाही जणांनी तो एकमेकांना विचारला नव्हता.

मेअखेरीला अकरा नावं झाली. संस्थेने वर्ग बंद केला आणि वरती पाठवायचा कागद मुख्याध्यापकांकडे आला. त्यात एक रकाना होता, तुकडी बंद करण्याचे कारण, आणि पुढे एक ओळ. सगळ्या शाळा तिथे एकच वाक्य लिहितात, पालकांचा इंग्रजी माध्यमाकडे वाढता ओढा. शाळेच्या पर्यवेक्षिकाही बाईच होत्या, म्हणून तो कागद त्यांनी भरला. अक्षर बारीक करून त्यांनी त्या एका ओळीत तीन कारणं बसवली. परिसरातील जुनी वस्ती उठून गेली. पालकांचा ओढा इंग्रजीकडे आहे. आणि तिसरं, या शाळेतील शिक्षकांनी स्वतःची मुले या शाळेत घातली नाहीत. त्याखाली कंसात लिहिलं, यांपैकी तिसरे कारण अधिक प्रबळ वाटते.

तो कागद घेऊन त्या माझ्याकडे आल्या. "माझी सही झालीये. तुम्हाला पटत असेल तर खाली तुमची करा. आग्रह नाही."

मी खिसे चाचपले आणि पेन नाही म्हणालो. चित्रकलेचा मास्तर, समोर टेबलावर तीस पेन्सिली, ब्रश, बोरू, आणि पेन नाही म्हणाला. बाई "बरं" म्हणाल्या आणि गेल्या. मुख्याध्यापकांनी नंतर तो कागद बाजूला ठेवून दुसरा टाइप करून घेतला, त्यात एकच कारण होतं. मला त्या दिवसाची आजही लाज वाटते. बाईंनी मात्र तो विषय पुन्हा काढला नाही, नंतर फोनवरही कधी नाही. निवृत्तीनंतर त्या मुलाकडे ठाण्याला, बाळकुमला राहायला गेल्या. आमचं फोनवर बोलणं होतं, पण त्यांना प्रत्यक्ष पाहिलं ते शाळा उघडली त्या दिवशी शेवटचं. पुढे निवृत्तीपर्यंत त्या शिल्लक रजेवर होत्या.

पाचवी नाही हे अकरा घरी फोन करून कळवायचं काम बाईंकडे होतं. त्यांनी फोन केले आणि सांगितलं, पाठवा, मी आहे. अकराही मुलं आली. बाईंनी त्यांना आपल्या वर्गात बसवलं आणि एक तास घेतला. मी पार्टिशनला खुर्ची लावून बसलो होतो. लाव्हा झाला, उल्का झाली, समुद्र मागे हटून झाला. मग मुलीचा आवाज आला, समीक्षाचाच असावा. "मॅडम, मग वाचलं कोण?"

"तू सांग."

"छोटे छोटे."

"का?"

"त्यांना लपायला जागा कमी लागते. आणि ते काहीपण खातात."

"आणखी?"

"लक," ती म्हणाली.

"तेही लिही," बाई म्हणाल्या.

तास संपल्यावर त्या मुलांना दोघादोघांच्या रांगेत घेऊन निघाल्या. वीस मिनिटांवर दुसरी एक मराठी शाळा अजून चालू आहे. तिथल्या बाईंशी आणि मुलांच्या घरच्यांशी बोलून त्यांनी अकरा जागा ठरवून ठेवल्या होत्या. मी रांगेच्या शेवटी चाललो. फाटकावर वॉचमनने अडवलं.

"पालक कोण यांचे? पालकांशिवाय आत नाय सोडायचं, आज ॲडमिशनची गर्दी आहे."

"मी आहे," बाई म्हणाल्या.

"कोणाच्या?"

"सगळ्यांची."

वॉचमनने रांगेकडे बघितलं, बाईंकडे बघितलं आणि रजिस्टर त्यांच्यापुढे सरकवलं. बाईंनी अकरा ओळींत अकरा नावं लिहिली आणि पालकाच्या रकान्यात अकरा वेळा स्वतःचं नाव लिहिलं. पहिल्या ओळीत नाव लिहून खाली 'वरीलप्रमाणे'च्या खुणा करता आल्या असत्या, पण त्यांनी प्रत्येक ओळीत पूर्ण नाव लिहिलं. मग माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "मुलाच्या शाळेत मी एकदाही गेले नाही हो सावंत. पहिल्या दिवशीसुद्धा ह्यांनाच पाठवलं. माझा तास होता."

माझ्या डोळ्यांत पाणी आलं आणि ते मी लपवलंही नाही. मुलं आत पळाली. ऑफिसच्या बाहेर पालकांसाठी एक लांब बाक होतं, त्यावर पाच बायका फायली घेऊन बसल्या होत्या. बाईंनी शेवटचा नंबर विचारला, साडी सावरली आणि सहाव्या जागी बसल्या. शेजारच्या तरुण बाईने त्यांना विचारलं, "पहिल्यांदाच आलात का?" आणि बाई म्हणाल्या, "हो, पहिल्यांदाच."